फाटक, भोंगा आणि कॅमेरा

चित्रपटसृष्टीतील पहिली पात्रे कोणती, असे विचारले तर आपल्यापैकी बहुतेकांच्या तोंडी राजा हरिश्चंद्र आणि राणी तारामती यांची नावे येतील. आपल्या देशाच्या कथापटांपुरते हे उत्तर ठीकच आहे. परंतु साऱ्या जगाचा विचार केला तर हा मान जातो कारखान्यातील कामगारांकडे. १८९५ साली फ्रान्समधील लिऑं शहरात लुमिएर बंधूंनी आपल्या छायाचित्र-साहित्याच्या कारखान्याच्या फाटकासमोर कॅमेरा उभा केला. सुटी झाली, फाटक उघडले आणि लांब झग्यातल्या बाया, टोप्या घातलेले पुरुष, एखादा सायकलवाला, एखादा कुत्रा असे सारे बाहेर पडले. जेमतेम पाऊण मिनिटाचे हे दृश्य. त्याच वर्षी २८ डिसेंबरला ते पॅरिसमध्ये तिकीट लावून दाखवले गेले. पुढे ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात आपल्या देशातील पहिला चित्रपट-खेळ झाला, त्यातही कारखान्यातून बाहेर पडणाऱ्या या कामगारांचे चित्र होतेच.

या पाऊण मिनिटात दोन गोष्टी दडलेल्या आहेत. पहिली अशी की, कॅमेरा फाटकाबाहेर उभा आहे. कामगार दिसतात, काम दिसत नाही. दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची. हा कॅमेरा कामगारांचा नाही किंवा एखाद्या तिऱ्हाईत पाहुण्याचाही नाही, तो कारखान्याच्या मालकांचा आहे. म्हणजे श्रमाचे पहिले चलच्चित्र मालकाने घेतले आणि तेही फाटकाबाहेरून. तेव्हापासून आजपर्यंत ज्या ज्या अनुबोधपटकाराने माणसाच्या कामाकडे कॅमेरा वळवला, त्याला दोन प्रश्न सोडवावे लागले आहेत. आत कसे जायचे? आणि हा कॅमेरा कोणाच्या बाजूचा? कामाचे स्वरूप बदलत गेले तसे हे प्रश्न कसे बदलत गेले, आणि कुहीसारख्या तालुक्याच्या गावी कला शाखेत शिकणाऱ्या आपल्याला त्यांच्याशी काय कर्तव्य आहे, याचा थोडक्यात विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

अनुबोधपट म्हणजे काय?

ज्याला आज आपण माहितीपट म्हणतो, त्याला पूर्वी अनुबोधपट किंवा वार्तापट म्हणत. इंग्रजीतील ‘डॉक्युमेंटरी’ हा शब्द या अर्थाने रूढ केला तो जॉन ग्रिअरसन या स्कॉटिश चित्रपटकाराने, १९२६ साली लिहिलेल्या एका परीक्षणात. वास्तवाची नुसती नोंद नव्हे तर त्याची सर्जक मांडणी, अशी त्याची अनुबोधपटाविषयीची कल्पना होती. १९२९ साली त्याने ‘ड्रिफ्टर्स’ हा चित्रपट केला. त्याचा विषय होता उत्तर समुद्रात मासेमारी करणारे कोळी आणि त्यांचे कष्ट. म्हणजे अनुबोधपटाला नाव देणाऱ्या माणसानेच आपल्या पहिल्या कृतीसाठी विषय निवडला तो कामाचा.

आपल्याकडेही या परंपरेचे बीज जुने आहे. दादासाहेब फाळके यांना आपण पौराणिक चित्रपटांचे जनक म्हणून ओळखतो. पण त्यांनी छोटे माहितीपरही चित्रपट केले. ‘चित्रपट कसे तयार करतात’ या त्यांच्या लघुपटाचे काही तुकडे आजही उपलब्ध आहेत. त्यात फाळके स्वतः काम करताना दिसतात. लुमिएरांच्या चित्रात मालक कामगारांकडे पाहतो आहे, तर फाळक्यांच्या चित्रात कारागीर स्वतःच्याच कामाकडे पाहतो आहे. या एका फरकाने कामाचे चित्र किती बदलते ते पुढे दिसेलच.

स्वातंत्र्यानंतर १९४८ साली मुंबईत फिल्म्स डिव्हिजनची स्थापना झाली. मुख्य चित्रपटाआधी सरकारी वार्तापट दाखवण्याची सक्ती अनेक दशके होती. धरणे, पोलाद कारखाने, रेल्वेचे डबे, सुधारित बियाणे असे कितीतरी विषय त्या मार्गाने खेड्यापाड्यांतील टुरिंग टॉकीजपर्यंत पोहोचले. (ही संस्था २०२२ सालच्या निर्णयानुसार राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली.) या वार्तापटांत काम पुष्कळ दिसे, पण काम करणारा माणूस क्वचितच बोलताना दिसे. त्याच्या वतीने पडद्यामागचा धीरगंभीर आवाज बोलत असे. याला अपवादही होते. मणी कौल यांनी १९८० साली फिल्म्स डिव्हिजनसाठीच ‘अरायव्हल’ नावाचा लघुपट केला. मुंबईच्या बाजारात येऊन पडणारा माल आणि त्याच शहरात कामासाठी येऊन पडणारी माणसे यांना त्यांनी शेजारी शेजारी ठेवले. टोपल्यांतील फळे जशी निवडली जातात तसाच माणूसही निवडला जातो, हे त्यांनी भाषण न करता दाखवले. नागपूरच्या एखाद्या ठिय्यावर सकाळी उभे राहिलेल्या मजुरांना ज्याने पाहिले आहे, त्याला हे निराळे समजावून सांगण्याची गरज नाही.

भोंग्याचे जग

आता आपण महाराष्ट्रातील सर्वांत मोठ्या उदाहरणाकडे वळू. ते म्हणजे कापड गिरण्या. मुंबईकर ज्याला गिरणी म्हणतात त्याला आपण नागपूरकडे सरळ ‘मिल’ म्हणतो. आपल्या भागाला मिल नवी नाही. जमशेटजी टाटांनी १ जानेवारी १८७७ रोजी नागपुरात एम्प्रेस मिल सुरू केली. कापूस जवळ, कोळसा जवळ आणि रेल्वे दारात, असा त्यामागे हिशेब होता. याच मिलमध्ये १८८६ साली कामगारांसाठी निवृत्तिवेतनाचा निधी सुरू झाला आणि १८९५ पासून अपघाताची भरपाई देण्यात येऊ लागली. (ज्या वर्षी लिऑंच्या कारखान्यासमोर कॅमेरा उभा राहिला, तेच हे वर्ष.)

मिलने माणसाचा दिवस बदलला. शेतातील काम सूर्यावर चालते, मिलचे काम भोंग्यावर. पहिली पाळी, दुसरी पाळी, रात्रपाळी. कायम कामगार आणि बदली कामगार. साचाखाते, रिंगखाते. या शब्दांबरोबर एक नवा माणूस घडला. त्याला ठरलेला पगार होता, युनियन होती, चाळ होती, भजनी मंडळ आणि तालीम होती. काम एका जागी होते, त्या जागेला भिंत होती आणि भिंतीला फाटक होते. मालकाशी भांडायचे तर कोठे उभे राहायचे, हे त्याला ठाऊक होते. फाटक हे त्याच्या ताबेदारीचे चिन्ह होते, तसेच त्याच्या ताकदीचेही होते.

हे जग कसे मोडले ते सर्वश्रुत आहे. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली मुंबईतील सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. हा संप औपचारिकरीत्या कधीच मागे घेतला गेला नाही. तो विरत गेला आणि त्याच्याबरोबर गिरणगावही. पुढे गिरण्यांच्या जमिनीला कापडापेक्षा अधिक भाव आला. नागपूरची एम्प्रेस मिल १९८६ साली टाटांकडून राज्य वस्त्रोद्योग महामंडळाकडे गेली आणि २००२ साली कायमची बंद पडली. तिच्या जागेवर आता मॉल आहे. जेथे कापड विणले जाई तेथे आज कापड विकले जाते.

अनुबोधपटकारांनी हा मोडता काळ टिपला आहे. आनंद पटवर्धन यांनी १९९६ साली ‘ऑक्युपेशन : मिल वर्कर’ हा छोटा चित्रपट केला. व्यवस्थापनाने बंद ठेवलेली न्यू ग्रेट ईस्टर्न मिल कामगारांनी स्वतः ताब्यात घेतली, त्याची ही हकीकत आहे. नावात श्लेष आहे. इंग्रजीत ‘ऑक्युपेशन’ म्हणजे व्यवसायही आणि ताबा घेणेही. सरकारी अर्जात ‘व्यवसाय’ या रकान्यापुढे माणूस ‘गिरणी कामगार’ असे लिहितो. पण गिरणीच राहिली नाही तर त्या रकान्यात काय लिहायचे? या कामगारांनी रकाना कोरा ठेवण्याऐवजी फाटक उघडले.

साचा

याच विषयावर दुसऱ्या वाटेने गेलेला चित्रपट म्हणजे ‘साचा’ (२००१). मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत अध्यापन करणाऱ्या अंजली मोंतेरो आणि के. पी. जयशंकर या दोघांनी तो केला. साचा म्हणजे कापड विणण्याचा माग. पण साचा म्हणजे ठसाही, ज्यात ओतून माणसे आणि शहरे घडतात तो.

वाङ्मयाच्या विद्यार्थ्यांना या चित्रपटाचे विशेष अगत्य वाटावे, कारण त्यात केंद्रस्थानी एक कवी आणि एक चित्रकार आहेत. कवी नारायण सुर्वे (१९२६–२०१०) आणि चित्रकार सुधीर पटवर्धन. सुर्वे यांना गंगाराम सुर्वे या गिरणी कामगाराने तान्हेपणी रस्त्यावरून उचलून घरी नेले आणि वाढवले, ही गोष्ट मराठी वाचकाला माहीत आहे. ‘ऐसा गा मी ब्रह्म’ (१९६२) आणि ‘माझे विद्यापीठ’ (१९६६) या संग्रहांनी मराठी कवितेत कामगाराला विषय म्हणून नव्हे तर बोलणारा माणूस म्हणून आणले. सुधीर पटवर्धन हे पेशाने क्ष-किरणतज्ज्ञ डॉक्टर. ठाण्यात व्यवसाय करीत असताना त्यांनी लोकलमधील, इराण्याच्या हॉटेलातील, रस्त्यावरील कष्टकरी माणसांची चित्रे रंगवली.

आता प्रश्न असा पडतो की, गिरण्यांवरचा चित्रपट करावयाचा तर कवी आणि चित्रकार कशाला? याचे उत्तर काळात आहे. हा चित्रपट झाला तेव्हा बहुतेक साचे थांबले होते. जे काम आता चालूच नाही, त्याचे चित्र कसे घेणार? फाटकापाशी कॅमेरा लावला तरी बाहेर कोण येणार? अशा वेळी ज्यांनी ते जग शब्दांत आणि रंगांत साठवून ठेवले त्यांच्याकडे जाणे, ही अनुबोधपटकाराची खरी युक्ती होय. कविता आणि चित्र येथे शोभेसाठी येत नाहीत, ती साक्षीला येतात. कला शाखेचा विद्यार्थी पुष्कळदा खिन्नपणे विचारतो की, कविता वाचून काय मिळते? ‘साचा’चे उत्तर असे की, कारखाना पाडता येतो, यंत्रे भंगारात विकता येतात. अशा वेळी तेथे माणसे कशी जगली याची नोंद कवितेत सापडते.

फाटक नसलेले काम

गिरण्या गेल्या, पण काम थांबले नाही. ते दुसऱ्या जागी गेले आणि हळूहळू त्याची जागाच दिसेनाशी झाली.

२००५ साली आशिम अहलुवालिया यांनी ‘जॉन अँड जेन’ हा चित्रपट केला. मुंबईच्या कॉल सेंटरमध्ये रात्रभर अमेरिकेतील गिऱ्हाइकांशी बोलणाऱ्या सहा तरुण-तरुणींचा तो आहे. त्यांना कामासाठी अमेरिकन नाव घ्यावे लागते, अमेरिकन उच्चार शिकावे लागतात. गिरणी कामगाराचे शरीर कामाला लागत होते. येथे माणसाचा आवाज, नाव आणि झोपही कामाला लागली. आई-बापांनी ठेवलेले नाव दारात काढून ठेवायचे आणि आत शिरायचे, असा हा प्रकार. कॅमेऱ्याला दिसते काय? एक खुर्ची, एक पडदा, कानाला लावलेले यंत्र. हातमागाचा खटका दाखवता येतो, घामाचा थेंब दाखवता येतो. मनावरचा ताण कसा दाखवायचा? म्हणून हा चित्रपट माणसांच्या घरी जातो, त्यांच्या स्वप्नांविषयी विचारतो. काम जेव्हा मनात शिरते तेव्हा कॅमेऱ्यालाही घरात शिरावे लागते.

त्याच्याही पुढचा टप्पा म्हणजे मोबाइलवरून मिळणारे काम. जेवणाचे डबे पोचवणारी, पार्सले वाटणारी, गाडी चालवणारी मुले आपण नागपुरात चौकाचौकांत पाहतो. आपल्याच तालुक्यातून गेलेली काही मुलेही त्यात आहेत. निती आयोगाच्या २०२२ सालच्या अहवालात असा अंदाज दिला आहे की, २०२०–२१ मध्ये देशात असे सुमारे ७७ लाख कामगार होते आणि २०२९–३० पर्यंत ही संख्या २ कोटी ३५ लाखांवर जाईल. कॅनडाच्या शॅनन वॉल्श यांनी २०२१ साली ‘द गिग इज अप’ या चित्रपटात जगातील निरनिराळ्या देशांतील अशा कामगारांना एकत्र आणले. कोणी जेवण पोचवतो, कोणी घरी बसून संगणकाला चित्रे ओळखायला शिकवतो. या साऱ्यांची तक्रार मात्र एक आहे : साहेब कोण, हेच कळत नाही. काम देणारा, दर ठरवणारा आणि कामावरून काढणारा, तिन्ही जागी एक यंत्र बसले आहे. त्याला कंपनी ‘भागीदार’ म्हणते, आणि भागीदाराला ना रजा, ना बोनस. २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेत ‘गिग कामगार’ ही संज्ञा प्रथमच कायद्यात आली. म्हणजे काम आधी आले, नाव नंतर मिळाले.

येथे अनुबोधपटकाराची मोठी पंचाईत होते. या कामाला भिंत नाही, भोंगा नाही, पाळी नाही, फाटक तर नाहीच. सुटी कधी होते? मोबाइल बंद केला की. पण मोबाइल बंद केला तर उद्या काम कमी मिळेल ही धास्ती. लुमिएर बंधू आज आले तर कॅमेरा कोठे लावतील?

“तुम्ही काय करणार?”

आतापर्यंत आपण कॅमेरा कोठे लावायचा याचा विचार केला. आता दुसऱ्या, अधिक अवघड प्रश्नाकडे येऊ. हा कॅमेरा कोणाच्या बाजूचा?

आनंद पटवर्धन यांचा ‘हमारा शहर’ (१९८५) हा मुंबईच्या झोपडपट्ट्यांवरचा चित्रपट. शहराच्या उंच इमारती ज्यांनी बांधल्या त्यांच्याच झोपड्या बुलडोझरखाली जातात, हे त्यात दिसते. त्यात एक स्त्री कॅमेऱ्याकडे पाहून चित्रपटकारालाच खडसावते की, तुम्ही गरिबांची चित्रे काढता आणि नाव कमावता, आम्हाला त्याचे काय? त्यानंतर तीस वर्षांनी राहुल जैन यांनी सुरतजवळच्या कापड कारखान्यावर ‘मशीन्स’ (२०१६) हा चित्रपट केला. बारा बारा तासांच्या पाळ्या, रंगाची पिंपे, यंत्रापाशी पेंगणारी कोवळी मुले. या चित्रपटाला सनडान्स महोत्सवात छायाचित्रणाचे पारितोषिक मिळाले. त्यातही कामगार घोळका करून विचारतात की, आम्ही काय करावे ते सांगा, नाहीतर तुम्हीही इतरांसारखे पाहून निघून जाल.

दोन्ही चित्रपटकारांनी ही दृश्ये कापून टाकली नाहीत, हे फार मोलाचे आहे. कारण हा प्रश्न योग्य आहे. ज्याचे काम आपण दाखवतो त्याचा आपण एक दिवस घेतो. त्या दिवसाचे त्याला काय मिळते?

याचे एकच उत्तर नाही. पण एक उदाहरण ध्यानात ठेवण्यासारखे आहे. ‘हमारा शहर’मध्ये शाहीर विलास घोगरे गाताना दिसतात. जुलै १९९७ मध्ये मुंबईच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसे मेली आणि त्यानंतर काही दिवसांतच घोगरे यांनी आपले जीवन संपवले. पटवर्धन यांनी त्या घटनेपासून चित्रण सुरू केले आणि चौदा वर्षांनी, २०११ साली, ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण केला. एकदा चित्र घेतले म्हणजे नाते संपले असे त्यांनी मानले नाही. चित्रण संपल्यावर पुन्हा त्याच दारी जाणे, हे त्या स्त्रीच्या प्रश्नाला दिलेले पूर्ण उत्तर नव्हे. परंतु उत्तराची सुरुवात तेथूनच होते.

हजेरीचा कॅमेरा

कोणी म्हणेल, हे सारे मुंबई-सुरतेचे झाले, कुहीशी त्याचा काय संबंध? संबंध आहे, आणि तो जवळचा आहे.

आपल्या तालुक्यातील कामाला फाटक कधी नव्हतेच. रोवणी, निंदण, कापूस वेचणी, मिरची तोडणी, विटाभट्टी, तेंदूपाने. काम बांधावर ठरते आणि मजुरीही बांधावरच ठरते. उमरेड आणि पवनी भागातील विणकर घरातच मागावर बसत. त्यांचे घर हाच त्यांचा कारखाना होता. म्हणून मोबाइलवरच्या कामाविषयी शहरातील विद्वान आज जे नवल करतात, की यात मालक दिसत नाही, वेळ ठरलेली नाही, उद्याची हमी नाही, ते आपल्या बायाबापड्यांना जुनेच आहे. मधली शंभर वर्षे ज्या थोड्यांना मिल, खाण किंवा सरकारी नोकरी मिळाली, त्यांनाच ठरलेला पगार आणि ठरलेली सुटी यांची ओळख झाली. बाकीचे फाटकाबाहेरच राहिले.

आणखी एक बदल तर आपल्या डोळ्यांसमोर झाला. वैनगंगेवरच्या गोसीखुर्द धरणाची कोनशिला २२ एप्रिल १९८८ रोजी बसली. त्याच्या फुगवट्याच्या पाण्यात आपल्या तालुक्यातील काही गावे व शेते गेली. आंभोऱ्याच्या संगमावर आज पर्यटक येतात, पुलाची छायाचित्रे घेतात. त्या पाण्याखाली कोणाचा धुरा होता, कोणाची रोवणी होती, हे छायाचित्रात दिसत नाही. शेत गेले म्हणजे केवळ जमीन गेली असे नव्हे. पेरणीचा अंदाज, बैलाची पारख, कोणत्या बांधीत पाणी किती दिवस धरते याचे ज्ञान, हे सारे निरुपयोगी झाले. भरपाईच्या हिशेबात त्याला रकाना नाही.

आणि कॅमेरा? तो आपल्या कामावर आधीच येऊन उभा राहिला आहे. महाराष्ट्राने १९७७ साली रोजगार हमीचा कायदा केला आणि तो देशाला मार्गदर्शक ठरला. तेव्हा हजेरी मस्टरवर लागे. पुढे देशभर राष्ट्रीय योजना आली आणि १ जानेवारी २०२३ पासून अशा कामांवर मजुरांचे छायाचित्र दिवसातून दोनदा मोबाइलवरून चढवणे सक्तीचे झाले. खोटी हजेरी थांबावी हा त्यामागचा हेतू वाईट नाही. पण याचा अर्थ असा की, खड्डा किती खणला यापेक्षा छायाचित्र चढले की नाही यावर मजुरी अवलंबून राहू लागली. टॉवरची रेंज नसली तर घाम गाळूनही हजेरी अडायची.

म्हणजे आज कामाकडे पाहणारे कॅमेरे दोन प्रकारचे आहेत. एक हजेरीचा आणि एक साक्षीचा. हजेरीचा कॅमेरा विचारतो, “माणूस हजर आहे काय?” साक्षीचा कॅमेरा विचारतो, “माणूस कसा आहे?” पहिल्याला चेहरे मोजायचे असतात, दुसऱ्याला ते ओळखायचे असतात. लुमिएरांचा कॅमेरा पहिल्या जातीचा होता असे म्हटल्यास फारसे वावगे ठरणार नाही. पहिल्या प्रकारचे कॅमेरे आपोआप वाढत आहेत, त्यांच्यासाठी सरकार आणि कंपन्या समर्थ आहेत. दुसऱ्या प्रकारचा कॅमेरा मात्र कोणीतरी मुद्दाम हाती घ्यावा लागतो.

आपल्या हाती काय आहे?

तो कोणी घ्यावा? माझे नम्र मत असे की, आपणच. पूर्वी चित्रपट करावयाचा म्हणजे कॅमेरा, फिल्मची रिळे, प्रयोगशाळा, असा लाखाचा खर्च. आज वर्गातील बहुतेकांच्या खिशात कॅमेरा आहे. अडचण यंत्राची नाही, पाहण्याच्या सवयीची आहे.

ही सवय लावण्याचा एक सुंदर प्रयोग जर्मनीचे हारून फारोकी आणि आंत्ये एमान यांनी केला. लुमिएरांच्या त्या पहिल्या दृश्यावर फारोकी यांनी १९९५ साली स्वतंत्र चित्रपट केला होता. पुढे २०११ ते २०१४ या काळात दोघांनी जगातील पंधरा शहरांत तरुणांच्या कार्यशाळा घेतल्या. आपल्याकडील बंगळूर त्यात होते. अट इतकीच की, एक ते दोन मिनिटांचे एकच सलग दृश्य घ्यायचे, मध्ये कोठेही कापायचे नाही आणि विषय असला पाहिजे काम. ही अट दिसते सोपी, पण फार काही शिकवते. कापायचे नसेल तर कॅमेरा सुरू करण्यापूर्वीच विचार करावा लागतो : हे काम कोठे सुरू होते, कोठे संपते, आणि त्यातील कोणती दोन मिनिटे त्या माणसाची सारी कहाणी सांगतील?

असा उपक्रम आपल्या महाविद्यालयात सहज होऊ शकेल. राष्ट्रीय सेवा योजनेच्या शिबिरात तो घेता येईल, किंवा मराठी आणि समाजशास्त्र या विभागांना मिळून तो करता येईल. त्यासाठी काही पथ्ये मात्र पाळावी लागतील. पहिले, विचारल्याशिवाय कोणाचे चित्र घेऊ नये, आणि ‘नाही’ म्हटले तर मुकाट्याने मागे फिरावे. दुसरे, हातांबरोबर कामाचा आवाजही नोंदवावा. विळ्याचा, मागाचा, भट्टीचा आवाज हा अर्धा इतिहास आहे. वर गाणे लावून तो पुसू नये. तिसरे, कामाचे खरे शब्द त्या माणसाकडूनच विचारून लिहून घ्यावेत. काम संपते तेव्हा त्याचे शब्दही संपतात, आणि ते कोशात असतीलच असे नाही. चौथे, मजुरी किती, कोण देतो, कधी देतो, हे विचारल्याखेरीज कामाचे चित्र पूर्ण मानू नये. पाचवे आणि सर्वांत महत्त्वाचे, तयार झालेले चित्र प्रथम त्याच माणसाला दाखवावे. त्याला ते खोटे वाटले तर ते खोटे आहे असे समजावे.

आपले विद्यापीठ ज्या राष्ट्रसंतांच्या नावाने आहे, त्यांच्या ग्रामगीतेत श्रमसंपत्ती हा स्वतंत्र अध्याय आहे. श्रम हीच संपत्ती असेल तर तिची मोजदाद आणि जतन ही शिकलेल्यांची जबाबदारी ठरते. पदवी घेतल्यावर आपल्यापैकी कोणी बुटीबोरीच्या कारखान्यात जाईल, कोणी स्पर्धा परीक्षेला बसेल, कोणी पाठीवर डबा बांधून नागपूरच्या रस्त्यांवर फिरेल, कोणी शेतावर परत येईल. आपल्या कामाचे स्वरूप आपल्या आईबापांच्या कामासारखे राहणार नाही, आणि आपल्या मुलांचे आपल्यासारखे राहणार नाही. या बदलाला थांबवणे आपल्या हाती नाही. पण रोवणीच्या चिखलात कंबर वाकवून आपली फी भरणाऱ्या आईचे दोन मिनिटांचे खरे चित्र घेणे आपल्या हाती आहे. ते घेताना ती कदाचित म्हणेल, “माझा काय फोटो काढतोस बापा, मी का कोणी मोठी आहो?” त्या वेळी कॅमेरा खाली ठेवावा, आणि तिला आधी उत्तर द्यावे.